मारणाऱ्याला पुढे काय मिळतं, ते बघा

सिनेमातल्या हिंसेवर बोलताना आपण खून आणि गोळ्या मोजत बसतो. खरी गोम पुढच्या प्रसंगात असते: मारणाऱ्याला मिळालं काय?

मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट बांडुरा यांनी १९६५ साली लहान मुलांना एक फिल्म दाखवली. त्यात एक माणूस हवा भरलेल्या बाहुलीला बडवतो. शेवट मात्र तीन तऱ्हेचे होते: त्याला बक्षीस, त्याला शिक्षा किंवा काहीच नाही. शिक्षा पाहिलेल्या मुलांनी त्याची नक्कल कमी केली. मग मुलांना बक्षीस कबूल करून 'पाहिलंस ते करून दाखव' म्हटल्यावर तिन्ही गटांतला फरक मिटला. मुली आधी मागे होत्या, त्यांनीही ते बरंचसं करून दाखवलं. शिकले सगळेच होते. बाहुली म्हणजे माणूस नव्हे, हे खरं. पण बक्षिसाचा धागा मोलाचा आहे.

आपल्या मसालापटांत हे बक्षीस ठासून भरलेलं असतं. कॅमेरा खालून, चाल संथ, ढोलाचा ठोका. ठोसा बसला की मार खाणारा क्षणभरच दिसतो, लगेच कौतुकानं बघणारी नायिका. टाके, पोलिसांतला जबाब, दवाखान्याचं बिल यांतलं काहीच पडद्यावर येत नाही. न मारणारा पुरुष विनोदापुरता, त्याला 'बांगड्या भर' म्हणायला सगळे मोकळे. प्रेमातही तेच: नकार, पाठलाग, गाणं, होकार. बाईनं स्पष्ट नकार दिल्यावरही तिचा पाठलाग करत राहणं २०१३ पासून गुन्हा आहे. आता भारतीय न्याय संहितेचं कलम ७८. पहिल्यांदा दोषी ठरल्यास ३ वर्षांपर्यंत कैद आणि दंड.

हे मुलांसोबत तपासून बघायचं असेल तर सिनेमातला तीनेक मिनिटांचा एकच प्रसंग घ्या. आधी नेहमीसारखा बघा, मग आवाज बंद करून. संगीत गेलं की निम्मा रुबाब उतरतो. तिसऱ्यांदा मोबाइलवर स्टॉपवॉच लावून मार खाणाऱ्याचा चेहरा किती सेकंद दिसतो ते मोजा.

बिघडतं ते निवडीत. मुलाच्या लाडक्या नायकाचा सिनेमा आधीच घेतलात, तर तो नायकाचा वकील होतो. भाषण दिलंत तर गप्प बसतो. 'कसं वाटलं?' याला उत्तर 'भारी!' एवढंच येतं. त्याऐवजी 'मार खाल्लेला माणूस दुसऱ्या दिवशी कामावर गेला असेल का?' असं विचारा. गट असेल तर उत्तरं आधी कागदावर, नाव न घालता लिहून घ्या. नाहीतर सगळ्यांत दांडगा मुलगा बोलतो आणि बाकीचे माना डोलावतात.