कोषावर बसलेले नर

हेलिकॉनियस फुलपाखरं सांभाळताना माझं सगळ्यात जास्त डोकं खाल्लं ते एराटो आणि मेलपोमिनी या दोन जातींनी. आम्ही ही फुलपाखरं पनामातल्या गांबोआत जाळीच्या खोल्यांत वाढवतो. दोघींचे पंख काळे, पुढच्या पंखावर लाल पट्टा आणि मागच्यावर पिवळी रेघ. गटात एकमेकींच्या फारशा जवळच्या नसूनही दिसायला हुबेहूब सारख्या! पक्ष्यांना दोन्ही जाती खायला कडू. चवीचा धडा पक्ष्यांना एकदाच शिकावा लागतो आणि त्यात बळी जाणाऱ्या फुलपाखरांचा तोटा दोन जातींत वाटला जातो, हे ब्राझीलमध्ये राहणाऱ्या फ्रिट्झ म्यूलर या निसर्गअभ्यासकाने १८७०च्या दशकाच्या अखेरीस मांडलं होतं.

त्या दिवशी एका खोलीत दोन्ही जातींचे कोष लटकत होते. सुकलेल्या पानाच्या रंगाचे, काटेरी. एराटोच्या एका कोषाच्या सालीतून लाल पट्टा दिसू लागला होता, म्हणजे फुलपाखरू बाहेर यायची वेळ जवळ आली होती. त्यावर एक नर ठाण मांडून बसला होता. दुसरा जवळ आला की हा पंख फाकवून त्याला ढकलायचा. तरी आणखी येतच होते. हातभर अंतरावर मेलपोमिनीचा तेवढाच तयार कोष होता, पण त्याच्याकडे एकही नर फिरकला नाही.

मग साल उकलली. मादी अर्धीच बाहेर आली होती, पंख ओले, चुरगळलेले, आणि नराने तेवढ्यातच मिलन साधलं. मी याविषयी वाचलं होतं, पण डोळ्यांसमोर पाहताना अस्वस्थ झाले. मादीला नकार द्यायला जागाच नव्हती. मेलपोमिनीची मादी मात्र निवांत बाहेर आली, लटकून पंख पसरले, सुकवले. तिच्या जातीचे नर मादी उडू लागल्यावरच तिच्या मागे लागतात.

पंखांवरून न कळणारा फरक असा वागण्यातून कळतो. अंडी घालतानाही तेच: दोघींना कृष्णकमळाच्या कुळातल्याच वेली लागतात, पण आमच्याकडे एराटो एका वेलीचे कोवळे शेंडे निवडते आणि मेलपोमिनी दुसऱ्याच वेलीकडे जाते.

एका बाबतीत मात्र दोघी सारख्या आहेत, आणि मला या गटाचं खरं नवल तिथेच वाटतं. बहुतेक फुलपाखरं नुसता मधुरस पितात. या परागही खातात. सोंडेच्या बुडाशी पिवळा गोळा जमवतात, त्यात लाळ मिसळून सोंड तासन्‌तास गुंडाळत-उलगडत बसतात आणि त्यातून अमिनो आम्लं मिळवतात. जीवशास्त्रज्ञ लॉरेन्स गिल्बर्ट यांनी १९७२ साली हे दाखवून दिलं. या खुराकावर त्या काही महिने जगतात आणि अंडी घालत राहतात. एरवी बहुतेक फुलपाखरांचं आयुष्य काही आठवड्यांचंच असतं.

आता नवीन कुणी आलं की मी पंखांवरचे ठिपके मोजायला लावत नाही. आधी कोषांपाशी नेते आणि नर कुठे बसलेत ते बघायला सांगते.