जागा सोडायची नाही

क्रिकेटचा सामना रंगात आला की आमच्या घरात प्रत्येकाची बसण्याची जागा पक्की होते. चौकार गेला तेव्हा जो जिथे होता, त्याने शेवटच्या चेंडूपर्यंत तिथून हलायचे नाही, पायाला मुंग्या आल्या तरी मांडी मोडायची नाही. एरवी राहुकाळाची थट्टा करणारे आमचे काका हा नियम सर्वांत कडकपणे पाळून घेतात.

2 एप्रिल 2011 रोजी वानखेडेवर विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात श्रीलंकेच्या मलिंगाने सेहवागला दुसऱ्याच चेंडूवर आणि पाठोपाठ सचिनला 18 धावांवर परत पाठवले, तेव्हा आजीने देव पाण्यात ठेवले. याला कोणी हसू नये, कारण खुद्द सचिननेच नंतर सांगितले आहे की, ऑस्ट्रेलियाविरुद्धच्या उपांत्यपूर्व सामन्यात तो आणि सेहवाग ज्या तऱ्हेने आत पडून राहिले होते, तसेच त्याने अंतिम सामन्यातही केले आणि सेहवागला जागचे हलू दिले नाही. मैदानावर जे चालले आहे त्यात आपल्या हाती काहीच नाही, ही गोष्ट शतके ठोकणाऱ्यालाही सोसत नाही, मग आमच्यासारख्यांना कशी सोसावी?

मला खटकते ते वेगळेच. शुभ जागा नेहमी पुरुषांच्या वाट्याला येतात आणि अपशकुन मात्र स्वयंपाकघरातून येतो. गंभीर 97 धावांवर परेराला पुढे सरसावून मारायला गेला आणि त्रिफळाचीत झाला, नेमकी त्याच वेळी काकू पदराला हात पुसत बाहेर आली होती. गंभीरच्या घाईबद्दल कोणी चकार शब्द काढला नाही. काकूला आत पाठवण्यात आले आणि धोनीचा तो षटकार तिने नुसता आरडाओरड्यावरून ओळखला. सुनेला पांढऱ्या पायाची ठरवण्याची जुनी खोडच ही, फक्त थट्टेच्या वेषात आलेली.

29 जून 2024 च्या टी-20 विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात काकू पहिल्या चेंडूपासून खिडकीजवळच्या खुर्चीत बसली. क्लासेनने अक्षर पटेलची धुलाई केली आणि दक्षिण आफ्रिकेला 30 चेंडूंत 30 धावा उरल्या, तेव्हा काकांनी तिच्याकडे अर्थपूर्ण नजरेने पाहिले. "मी उठणार नाही. चहा हवा असेल तर तुम्ही करा," ती म्हणाली. भारत 7 धावांनी जिंकला. पुढच्या सामन्याला काका टॉसच्या आधीच येऊन त्या खुर्चीत बसले.