आपल्या वावरातला दगड

फोटो बघता बघता मोठी माय एकदम म्हणाली, "हाऊ ते आपला वावरना दगड शे!"

मी स्पेनच्या लान्झारोते या ज्वालामुखीच्या बेटावरच्या एका दिवसाच्या टूरचे फोटो दाखवत होतो. गाइडने खड्ड्यात वाळकं झुडूप टाकलं तर भक्कन पेटलं. जमिनीतल्या नळीत पाणी ओतलं तर वाफेचा फवारा उडाला. माय ढिम्म. (तो व्हिडिओ मी चारदा लावला.)

ती अडकली ला हेरियाच्या द्राक्षांपाशी. काळ्या राखेत खड्डा, खड्ड्यात एकच वेल, वारा अडवायला दगडांची अर्धगोल भिंत.

"यास्ले पानी कोन देस?"

राख रात्रीचा ओलावा धरून ठेवते, म्हटलं. ती झूम करून बघतच राहिली.

तिथे १७३० ते १७३६ चाललेल्या उद्रेकाने गावं गाडली, हे ऐकून मी भारावलो होतो. आणि आपला हा काळा दगड? सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हाच की. साक्री-नंदुरबारकडच्या त्या डाइक, म्हणजे भेगांत थिजलेल्या लाव्हाच्या भिंती, एसटीच्या खिडकीतून किती वेळा पाहिल्या; उतरलो एकदाही नाही.

"कितला पैसा लागनात?" मायने विचारलं.

मी निम्माच आकडा सांगितला.