०.२५ मोठे की ०.५?

आज पाचवीतल्या लेकीला मंडईत नेले होते. काट्यावर भेंडी ०.२५० किलो आणि टोमॅटो ०.५०० किलो दिसताच जास्त काय, हे तिने क्षणात सांगितले. परंतु घरी आल्यावर वहीत ०.२५ आणि ०.५ लिहून दिले, तेव्हा पंचवीस पाचापेक्षा मोठे म्हणून ०.२५ मोठे, असे तिने तितक्याच खात्रीने ठरवले. दोष तिला तरी कसा द्यावा? जास्त अंक म्हणजे मोठी संख्या, हा पूर्ण संख्यांचा नियम आपणच तिच्याकडून घोटून घेतला आहे, आणि काटा दशांश चिन्हानंतर नेहमी तीन अंक दाखवत असल्याने मंडईत ही अडचण उघडीच पडली नाही. मग ०.५ पुढे शून्य लिहून ते ०.५० केले आणि दोन्ही संख्या पैशांत वाचायला लावल्या. (पंचवीस पैशांचे नाणे २०११ मध्येच चलनातून गेले असल्याने ते दाखवण्यासाठी जुना डबा उपसावा लागला.) शेवटी नीरज चोप्राची टोकियोतील ८७.५८ मीटर आणि पॅरिसमधील ८९.४५ मीटर, या दोन भालाफेकी समोर ठेवल्या, तर ती म्हणाली, "बाबा, इथे ८९ मोठे आहेत, मग पुढचे अंक बघायचेच कशाला?"