झॅमरिन सुटलं, फ्लटर धरलं (व्हाया मावशीची मेस)

हिंजवडीत बरीच वर्षं झॅमरिनवर (सी शार्प भाषेत एकदाच कोड लिहून अँड्रॉइड-आयफोन दोन्हीची ॲप करायचं मायक्रोसॉफ्टचं टूल) काम केलं, सी शार्प हातात बसलेलं, त्यामुळे १ मे २०२४ ला झॅमरिनचा सपोर्ट बंद होणार म्हणल्यावर ऑफिसात सगळ्यांनी धरूनच चाललं होतं की आता त्याच्या जागी आलेलं डॉट नेट माउई. भाषा तीच, कंपनी तीच. पण मी बाहेर जॉब बघायला लागलो तर जिकडेतिकडे गूगलचं फ्लटर नाहीतर मेटाचं रिॲक्ट नेटिव्ह (दोन्ही त्याच कामाची टूल), माउई विचारणारा एखादाच. म्हणलं चला, फ्लटर.

कोर्सबिर्स लावला नाही. कर्वेनगरला मावशीची मेस आहे, तिथे महिनाअखेरीला खाड्यांवरनं भांडण ठरलेलं, पोरं म्हणणार मी चार दिवस गावाला होतो, मावशी म्हणणार मग आधी सांगायला काय झालं होतं. म्हणून खाड्यांचंच ॲप करायला घेतलं.

सी शार्पवाल्याला फ्लटरची भाषा डार्ट जड जात नाही, क्लास, जेनेरिक्स, असिंक-अवेट सगळं ओळखीचं, आणि हॉट रीलोड (कोड बदलला की चालू ॲपमध्ये लगेच दिसतं) तर एक नंबर. डोकं फिरलं ते स्टेट मॅनेजमेंटला, म्हणजे आतली माहिती बदलली की स्क्रीन कशी बदलायची याला. त्यासाठी प्रोव्हायडर, ब्लॉक, रिव्हरपॉड अशा तयार लायब्रऱ्या, जो भेटेल तो आपलंच घोडं पुढे दामटतो. मला काय हवं होतं, तर खाडा मारला की वरचा आकडा बदलला पाहिजे. त्याला फ्लटरमधलंच साधं सेटस्टेट पुरतं. तेच वापरलं, अडलं तिथेच प्रोव्हायडर आणला.

खरी मजा पुढे. मावशीचा कीबोर्ड मराठी, तिने रकमेच्या खान्यात २८०० टाकलं, सेव्ह दाबलं, काहीच होईना. कन्सोलला फॉरमॅट एक्सेप्शन, म्हणजे आकडा वाचता येत नाही अशी एरर. टाइप केलेल्याची संख्या करणारं डार्टचं इंट डॉट पार्स देवनागरी आकडे वाचतच नाही, आणि दाखवताना मात्र इंटल पॅकेजला मराठी लोकेल (भाषेची सेटिंग) दिलं की ते आपणहून २,८०० असं देवनागरीत छापतं! म्हणजे स्वतःच दाखवायचं आणि तेच परत टाइप केलं की ओळख दाखवायची नाही. शेवटी देवनागरी ० ते ९ इंग्रजी आकड्यांत बदलून देणारं एक छोटं फंक्शन लिहिलं आणि प्रत्येक इनपुट त्यातनं नेला. हे ट्युटोरियलमध्ये कुणी सांगत नाही.

प्ले स्टोअरचे २५ डॉलर एकदाच भरायचे, ते ठीक. पण १३ नोव्हेंबर २०२३ नंतर काढलेलं पर्सनल अकाउंट असेल तर आधी क्लोज्ड टेस्टिंग (ॲप सगळ्यांना खुलं करायच्या आधी ठरावीक लोकांकडून तपासून घेणं) लागतं, निदान १२ टेस्टर सलग १४ दिवस जोडलेले हवेत (आधी २० लागायचे, डिसेंबर २०२४ ला कमी केले). तिथे मावशी कामाला आली, रविवारच्या फीस्टला गुलाबजाम वाढता वाढता एकेकाला समोर उभं राहून टेस्टिंगची लिंक उघडायला लावली. आयफोनचं सोडून दिलं. कोड एकच असला तरी बिल्डला मॅक लागतोच, वर ॲपलचे वर्षाला ९९ डॉलर, आणि मेसमधल्या पोरांकडे आयफोन कितीसे.

आता लोक विचारतात फ्लटर टिकेल का. २०२४ मध्ये गूगलने फ्लटर-डार्टच्या टीममधली माणसं कमी केली तेव्हा सगळीकडे बोंब झाली होती, आणि त्याच सुमारास, मे महिन्यात, गूगलनेच कोटलिन मल्टिप्लॅटफॉर्मला (कोटलिन भाषेतला एकच कोड अँड्रॉइड-आयफोन दोन्हीकडे वापरायची सोय) अधिकृत सपोर्ट जाहीर केला. रिॲक्ट नेटिव्हपण ०.७६ व्हर्जनपासून नवीन आर्किटेक्चरवर (आतल्या नव्या रचनेवर) गेलंय. फ्लटर लगेच कुठे जात नाही असं माझं मत, पण झॅमरिनने एकदा पोळलोय, म्हणून खाड्यांचा सगळा हिशेब वेगळ्या फाइलीत ठेवलाय, त्यात फ्लटरचा एकपण इम्पोर्ट नाही. टूलकिट बदललं तर स्क्रीन परत काढाव्या लागतील, हिशेब बसल्या बसल्या उचलून दुसऱ्या भाषेत नेता येईल. सध्या तेवढीच फाइल कोटलिनमध्ये लिहून बघतोय.

जॉब फ्लटरचाच लागला, बाणेरला. पहिलंच काम काय दिलं, तर जुनं झॅमरिनचं ॲप फ्लटरमध्ये आणायचं.