ओइस्टिन्सची रिकामी कबर आणि न्यूटनचा लाल मणी

बार्बाडोसला जाऊन नुसता समुद्र बघून येऊ नका. आम्ही दोघी बहिणींनी एक अख्खा दिवस क्राइस्ट चर्च परगण्यासाठी ठेवला, तोही चेस घराण्याच्या कबरीच्या ओढीने.

ओइस्टिन्स गावाच्या वर टेकडीवर चर्च आहे. आवारातली ही दगडी कबर अर्धी जमिनीत आणि आज रिकामी. सांगतात ते असं, की 1812 पासून नवी शवपेटी ठेवायला कबर उघडली, की आतल्या शिशाच्या जड पेट्या अस्ताव्यस्त दिसायच्या. 1819 मध्ये गव्हर्नर लॉर्ड कॉम्बरमियरने आत वाळू पसरवून दार मोहरबंद केलं. पुढच्या एप्रिलमध्ये उघडलं तर मोहरा शाबूत, वाळूवर पाऊल नाही, पेट्या मात्र विस्कटलेल्या! शेवटी त्या दुसरीकडे पुरल्या. मला ही गोष्ट तोंडोतोंडी वाढलेली वाटते, कारण चर्चच्या दफननोंदीत यातलं काहीच नाही. भरतपूरचा किल्ला 1826 मध्ये घेणारा कॉम्बरमियर तो हाच. त्याच किल्ल्यापुढे 1805 मध्ये जाट राजा आणि यशवंतराव होळकरांनी इंग्रज सेनापती लॉर्ड लेकला हात टेकायला लावले होते.

पण मनात घर केलं ते जवळच्या न्यूटन मळ्याने. इथे गवताखाली सुमारे 570 गुलाम पुरलेले आहेत. एकाच्याही नावाचा दगड नाही. 1970 च्या दशकातल्या उत्खननात पन्नाशीच्या आसपासचा एक पुरुष सापडला, बहुधा वैदू. गळ्यात कवड्या, कुत्र्याचे सुळे, माशांचे मणके, काचेचे मणी आणि अकीक दगडाचा एक मोठा तांबूस मणी. तो मणी बहुधा आपल्या गुजरातेतल्या खंबायतचा, असं अभ्यासक मानतात. खंबायतहून आफ्रिका आणि तिथून गुलामाच्या गळ्यातून इथवर! ताई त्या गवतापाशी चप्पल काढून उभी राहिली.

ब्रिजटाउनहून ओइस्टिन्सला बस आणि ‘झेड-आर’ (खासगी प्रवासी) व्हॅन मिळतात. व्हॅन खच्चून भरतात, सुटे पैसे हाताशी ठेवा. न्यूटनला मात्र टॅक्सीनेच जा आणि तीच परतीसाठी थांबवून ठेवा. सावली नाही, म्हणून सकाळीच, पाणी आणि टोपी घेऊन. लष्करी नक्षीचे कपडे या देशात कायद्याने बंद आहेत, मुलांचेसुद्धा बॅगेतून काढा. लंडन किंवा टोरांटोमार्गे जाणार असाल तर तिकिटाआधी ट्रान्झिट व्हिसाचं बघा. शुक्रवार असेल तर संध्याकाळी ओइस्टिन्सच्या मासळीबाजारात भाजलेला मासा खा. वेळ कमी पडला तर कबर दहा मिनिटांत उरका, न्यूटन सोडू नका.