जामीन मंजूर झाला, पण सुटका कधी?

आपल्या तुरुंगांतल्या बहुतेक माणसांना अजून कोणत्याही न्यायालयाने दोषी ठरवलेले नाही. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या २०२२ च्या आकडेवारीनुसार देशात ५,७३,२२० बंदी होते आणि त्यांपैकी ४,३४,३०२ जण न्यायाधीन, म्हणजे तुरुंगाच्या बोलीत ‘कच्चे कैदी’ होते. मुंबईच्या आर्थर रोड तुरुंगात अधिकृत क्षमतेपेक्षा कितीतरी अधिक माणसे कोंबलेली असतात. ज्याचा गुन्हा सिद्ध व्हायचा आहे, त्याने ही शिक्षा आधीच का भोगावी, याचे समाधानकारक उत्तर मला आजवर मिळालेले नाही.

कायदा मात्र या बाबतीत मुका नाही. १९७९ मध्ये हुसैनारा खातून प्रकरणात, बिहारमधील कित्येक कच्चे कैदी त्यांच्यावरील आरोपाला असलेल्या कमाल शिक्षेपेक्षाही अधिक काळ आत असल्याचे समोर आले, तेव्हा न्या. भगवती यांच्या खंडपीठाने जलद सुनावणी हा राज्यघटनेच्या कलम २१ मधील मूलभूत हक्क असल्याचा निर्वाळा दिला. मोफत वकील मिळण्याचा हक्कही त्याच कलमात येतो, हे याच प्रकरणात स्पष्ट झाले. तरीही साध्या माणुसकीच्या गोष्टींसाठी अर्ज करावे लागतात. आदिवासींच्या हक्कांसाठी काम करणारे, कंपवाताने ग्रासलेले फादर स्टॅन स्वामी ऑक्टोबर २०२० पासून तळोजा कारागृहात होते आणि हातात पेला धरवत नसल्याने पाणी पिण्यासाठी नळी व सिपर मिळावा म्हणून त्यांना न्यायालयात जावे लागले. ५ जुलै २०२१ रोजी ते गेले, तेव्हा त्यांचा जामीन अर्ज उच्च न्यायालयात प्रलंबितच होता.

मला अधिक सलते ती मात्र वेगळी गोष्ट. जामीन मंजूर होऊनही माणूस आतच राहतो, कारण बाहेर त्याच्यासाठी उभा राहणारा जामीनदार नसतो. आदेशात ‘पंचवीस हजारांचा जातमुचलका आणि तेवढ्याच रकमेचा एक सक्षम जामीनदार’ असे एक वाक्य असते. जातमुचलका म्हणजे बंद्याने स्वतः दिलेली लेखी हमी. ते पूर्ण करायचे म्हणजे सातबारा, घरपट्टीची पावती किंवा पगारपत्रक, रेशनकार्ड, कधी तहसील कार्यालयातून ऐपतीचा दाखला आणि त्यासाठी बुडणारी मजुरी. भाड्याच्या खोलीत राहणाऱ्या कुटुंबाने हे कुठून आणावे? गावाकडे दोन एकर कोरडवाहू जमीन असलेला मामा सातबारा घेऊन रात्रीच्या एसटीने येतो आणि ‘बाहेरच्या जिल्ह्याचा जामीनदार चालणार नाही’ हे ऐकून परत जातो, हे मी न्यायालयाच्या आवारात पाहिलेले आहे. उताऱ्याचा तो कागद त्याने प्लॅस्टिकच्या पिशवीत घडी न पाडता जपून आणलेला होता.

वास्तविक हा प्रश्न १९७८ मध्येच निकाली निघायला हवा होता. मध्य प्रदेशातील मोतीराम या गवंडी काम करणाऱ्या माणसाला सर्वोच्च न्यायालयाने जामीन दिल्यावर दंडाधिकाऱ्यांनी दहा हजारांचा जामीनदार मागितला आणि त्याच्या भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून भावाला नाकारले. न्या. कृष्ण अय्यर यांनी ही अट चुकीची ठरवली आणि त्याला केवळ एक हजाराच्या जातमुचलक्यावर सोडण्यास सांगितले. ३१ जानेवारी २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाला पुन्हा सांगावे लागले की, आदेशाची प्रत ई-मेलने कारागृहात पाठवावी, सात दिवसांत सुटका न झाल्यास अधीक्षकांनी गरजूंना मोफत कायदेशीर मदत देणाऱ्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवावे आणि महिनाभरात जामीनपत्र सादर झाले नाही, तर अटी शिथिल करण्याचा विचार न्यायालयाने स्वतःहून करावा. पंचेचाळीस वर्षांनी तेच सांगावे लागते, याचा मला मनापासून खेद वाटतो.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याच्या, कलम ४७९ नुसार, पूर्वी कधीही शिक्षा न झालेल्या बंद्याने कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश काळ आत काढला असेल, तर त्याला सोडायचे आहे. इतरांसाठी ही मर्यादा निम्मी आहे. साध्या चोरीला कमाल तीन वर्षांची शिक्षा आहे, म्हणजे पहिल्यांदाच आरोपी झालेल्या मुलासाठी एक वर्ष. फाशी किंवा जन्मठेपेच्या गुन्ह्यांना ही सवलत नाही, हे समजण्यासारखे आहे. पण एकाहून अधिक प्रकरणे प्रलंबित असलेल्यांनाही ती नाकारली आहे, हे मला अन्यायाचे वाटते, कारण मोबाइल चोरीत पकडलेल्या एका मुलावर जुने तीन-चार गुन्हे दाखवले की ही तरतूद त्याच्यापुरती संपते.

या कलमाखाली अर्ज करण्याची जबाबदारी कारागृह अधीक्षकांची आहे, हे नातेवाइकांना बहुधा कुणी सांगत नाही. अटकेची तारीख, लागलेली कलमे आणि आतापर्यंत काढलेला काळ एका कागदावर लिहून त्यांनी तो अधीक्षकांच्या कार्यालयात द्यावा, दुसरी प्रत जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात द्यावी आणि दोन्हींची पोच घ्यावी. पुढच्या तारखेला वकिलांना ती पोच न्यायालयासमोर ठेवता येते.